तीन डोक्यांची बहीण

(फिलाडेल्फियातलं जर्मनटाउन. अर्लीन आणि क्लेमेंट या नवराबायकोच्या घराचा व्हरांडा. सप्टेंबर २०११, शनिवारची दुपार. अर्लीनच्या मांडीवर घेवड्याच्या शेंगांचं पातेलं. तिची धाकटी, विज्ञानकथा लिहिणारी बहीण ओझेला नुकतीच येऊन समोर बसली आहे.)

अर्लीन: आणि डोकी किती, तर तीन. सख्ख्या बहिणीला पुस्तकात घालायचंच होतं, तर एका डोक्यात भागलं नसतं?

ओझेला: त्यातलं मधलं डोकं शहाणं होतं, अर्लीन.

अर्लीन: मधलं घोरायचं.

ओझेला: शहाणी माणसंही घोरतात. क्लेमेंटला विचार.

अर्लीन: त्याचं नाव काढू नकोस. फाटक त्यानेच उघडलं ना तुला? बघते त्याच्याकडे नंतर. आणि नाव तरी काय ठेवलंस त्या बाईचं? अर्लाई. मिठाच्या ग्रहावरची सुभेदारीण अर्लाई. शेंबड्या पोरालाही कळेल ती कोण. पुस्तक बाहेर आलं त्याच्या दुसऱ्याच रविवारी चर्चच्या पायऱ्यांवर बर्नडीन टलने मला गाठलं. म्हणते, 'अर्लीन, तुझं कुठलं डोकं प्रार्थना म्हणतं आणि कुठलं चहाड्या करतं?' अख्खी गायनमंडळी हसली. पाद्रीसुद्धा हसला, खोकल्याचं निमित्त करून.

ओझेला: नऊ वर्षांनी बोलतेयस माझ्याशी आणि पहिला विषय बर्नडीन टल?

अर्लीन: मी कुठे बोलतेय? मी शेंगा निवडतेय. तू समोर येऊन बसलीस, म्हणून तोंडातून निघतंय.

ओझेला: दे इकडे थोड्या. मीही निवडते.

अर्लीन: दोरे नीट काढ. अर्धे ठेवतेस तू. आई गेली तेव्हाही तुझ्या शेंगा दातात अडकत होत्या लोकांच्या.

क्लेमेंट: थंड चहा आणलाय. बर्फ जरा जास्तच पडला.

अर्लीन: आला बघ. तू हिला फोन केला होतास का रे?

क्लेमेंट: मी आपला म्हटलं, शेंगा खूप आहेत.

अर्लीन: शेंगा खूप आहेत म्हणून?

क्लेमेंट: दोघांना संपायच्या नाहीत. आणि ओझेलाला काहीतरी विचारायचं होतं. वसंतात तिने पत्र पाठवलं होतं, ते तू न फोडता ड्रॉवरमध्ये टाकलंस. मग मी फोन केला. बाकी एक सांगू का, मधलं डोकं फक्त तिसऱ्या प्रकरणात घोरतं. पुढे वादळ येतं तेव्हा सगळ्यांना तेच उठवतं.

अर्लीन: तुला काय माहीत?

क्लेमेंट: कुठेतरी ऐकलं.

अर्लीन: क्लेमेंट.

क्लेमेंट: वाचलं.

अर्लीन: या घरात ते पुस्तक नाहीये. मी स्वतः चर्चच्या दानपेटीत टाकलं होतं.

क्लेमेंट: दुसऱ्या दिवशी मी तिथून उचललं. तळघरात, बॉयलरच्या मागे ठेवलंय. बाकीचीही तिथेच आहेत. ओल लागू नये म्हणून प्लास्टिकमध्ये गुंडाळून.

ओझेला: सगळी?

क्लेमेंट: सगळी. चौथं जरा लांबलंय, राग मानू नकोस. मधे शंभर पानं यान नुसतं चाललेलंच असतं, एक थांबा येत नाही. मी बावीस वर्षं शहरात रुळांवरून ट्रॉलीगाडी चालवली. थांबा आला नाही की माणसं कुरकुरायला लागतात.

ओझेला: हे मला कुठल्याही समीक्षकाने इतकं नीट सांगितलं नव्हतं.

अर्लीन: म्हणजे नऊ वर्षं तू संध्याकाळी बॉयलरमधलं पाणी बघायला खाली जायचास तेव्हा...

क्लेमेंट: पाणीही बघायचो.

अर्लीन: माझंच घर, माझाच नवरा, आणि मला पत्ता नाही.

ओझेला: अगं, नवरा घरात राहून माझी पुस्तकं वाचत होता ना? माझा तर घर सोडून गेला. आठवतंय, हॉरेस काय म्हणाला होता जाताना?

अर्लीन: आठवतंय की. 'या घरात माझ्यापेक्षा परग्रहावरची माणसं जास्त आहेत आणि जेवायला आधी त्यांना वाढतेस.'

ओझेला: खोटं नव्हतं ते.

अर्लीन: खोटं नव्हतंच. तुझ्या जेवणाच्या टेबलावर जेवायला जागा कुठे होती? लोकांच्या गोष्टींचे गठ्ठे. 'गच्चीवरून' मासिक सुरू केलंस त्या वर्षी थँक्सगिव्हिंगला आम्ही सगळे मांडीवर ताटं घेऊन बसलो होतो. आई म्हणाली, 'हिने अंक काढला की आपल्याला घराबाहेर काढलं?'

क्लेमेंट: पहिला अंक चर्चच्या तळघरात छापला होता ना?

ओझेला: सायक्लोस्टाइलच्या मशीनवर. रेव्हरंड टिस्डेलना वाटलं, रविवारच्या शाळेचं काहीतरी असेल. मी आपली गप्प बसले. दोनशे प्रती निघाल्या आणि वाळायला सगळ्या बाकांवर पसरून ठेवल्या. रेव्हरंड आले, एक उचलली, आणि नेमकी ती गोष्ट उघडली, ज्यात देव एका वेधशाळेत झाडूवाला असतो.

क्लेमेंट: मग?

अर्लीन: मग मी मधे पडले. ही तर थिजून उभी होती. मी म्हटलं, 'रेव्हरंड, शेवटपर्यंत वाचा आणि मग आम्हाला हाकला.' त्यांनी तिथेच बाकावर बसून वाचलं. शाई ओली होती, कोटाला लागली. मग चष्मा काढला आणि म्हणाले, 'मशीन मंगळवारी आणि गुरुवारी रिकामं असतं.' पुढच्या रविवारी त्या झाडूवाल्यावर प्रवचन दिलं त्यांनी. अर्थात, गोष्ट कोणाची ते सांगितलं नाही.

ओझेला: मोटारदुरुस्तीवाल्या एका पोराची होती. तोपर्यंत त्याने कुठेच काही छापलेलं नव्हतं. त्या अंकातलं कोणीच आधी कुठे छापून आलेलं नव्हतं म्हण ना. न्यूयॉर्कची मासिकं त्यांना उत्तरं पाठवायची, 'भाषा चांगली आहे, पण अंतराळात अशी माणसं कशाला?' अशी माणसं म्हणजे आपण, काळी.

अर्लीन: आणि तुला काय यायचं, 'प्रिय मिस्टर व्हिटलो.'

ओझेला: ते तुझ्यामुळे. पहिली गोष्ट तूच टाइप केलीस आणि नाव घातलंस 'ओ. डब्ल्यू. व्हिटलो'. मी ओझेला लिहून दिलं होतं.

अर्लीन: घातलं की. विमा कंपनीत बसून, जेवणाच्या सुट्टीत, साहेबाची पाठ वळली की एक परिच्छेद. ओझेला लिहिलं असतं तर पाकीटच फोडलं नसतं त्यांनी. मी दिवसभर पत्रं टाइप करायचे, मला ठाऊक होतं कुठली पत्रं उघडतात ते.

ओझेला: बरोबर होतं तुझं. एकोणसत्तर साली ती छापून आली. मी पोस्टात पत्रं वेगळी करत होते आणि त्यातच माझं पाकीट हातात आलं. माझ्याच खणात टाकायचं पाकीट. सुपरवायझर म्हणाला, 'कोणाचं आहे?' मी म्हटलं, 'मिस्टर व्हिटलोंचं.'

क्लेमेंट: बॉस्टनच्या संमेलनाचं सांग ना. मला ते अर्लीनकडूनच ऐकायला आवडतं.

अर्लीन: मला नाही सांगायचं.

क्लेमेंट: बरं.

अर्लीन: चौऱ्याहत्तर साल. विज्ञानकथावाल्यांचं मोठं संमेलन. ही एकटी जायला घाबरत होती म्हणून मी गेले. हिने पिवळा ड्रेस घातलेला, माझ्याच शिलाईचा. हॉटेलात शिरलो तर टेबलामागचा दाढीवाला मान वर न करता म्हणतो, 'स्वयंपाकघराचं दार मागच्या बाजूला आहे.' मी म्हटलं, 'आम्ही जेवायला नाही आलो, भाषण करायला आलोय. पाहुण्यांच्या यादीत ओ. डब्ल्यू. व्हिटलो बघा.' त्याने बघितलं. म्हणाला, 'हो, हे आहेत. कुठे आहेत ते?' मी म्हटलं, 'हे काय, ते तुमच्यासमोर उभे आहेत, पिवळ्या ड्रेसमध्ये.'

क्लेमेंट: आणि दाढीवाला?

अर्लीन: उठून उभा राहिला. खुर्ची पडली त्याची. नंतर तीन दिवस तो हिच्या मागे मागे, सही द्या, सही द्या. भाषणाच्या वेळी बाकीचे मात्र निम्मे उठून गेले.

ओझेला: निम्मे नाही. सतरा जण. मी मोजले होते. आणि राहिलेल्यांत मागच्या रांगेत आपल्यातल्या दोन मुली होत्या, ज्यांना वाटत होतं की असलं वाचणाऱ्या जगात त्या दोघीच. त्यांना भेटले आणि तेव्हाच ठरवलं, मासिक काढायचं. काढायला पाच वर्षं गेली, पण ठरलं तिथे.

अर्लीन: आणि सतरा वर्षं चालवलंस. स्वतः एक पुस्तक लिहिलं नाहीस तेवढ्या काळात. लोकांची पोरं न्हाऊ घातलीस, वेणीफणी केलीस, शाळेत पोचवलीस. नकार पाठवायचीस तोसुद्धा तीन तीन पानी. मी म्हणायचे, नाही म्हणायला दोन अक्षरं लागतात.

ओझेला: नुसतं नाही म्हटलं की माणूस लिहायचं सोडतो. का नाही ते सांगितलं की निदान चिडून तरी परत लिहितो.

क्लेमेंट: सीफसला किती पत्रं लिहिलीस तू?

अर्लीन: कोण सीफस?

क्लेमेंट: यारबरो. तुरुंगात होता तो. बाविसाव्या अंकापासून त्याच्या गोष्टी आहेत.

अर्लीन: अंकही वाचलेस?

क्लेमेंट: वर्गणी भरून. ट्रॉली डेपोच्या पत्त्यावर यायचे.

ओझेला: सहा वर्षांत एकशे चाळीस पत्रं झाली असतील. तो पेन्सिलीने लिहायचा, पाठपोट. पहिली गोष्ट इतकी वाईट होती की काय सांगू. पण त्यात एक वाक्य होतं. एक मुलगा यानाच्या खिडकीला कान लावतो, कारण बघण्यासारखं बाहेर काहीच नसतं. मी त्याला कळवलं, बाकीची अकरा पानं टाका आणि या वाक्यापासून सुरू करा. त्याने टाकली. सुटून आला तेव्हा बसस्थानकावरून सरळ माझ्या घरी आला, हातात रताळ्याचं गोड पुडिंग, त्याच्या आईने केलेलं. आता तो स्वतः शिकवतो. मुलांना म्हणतो म्हणे, अकरा पानं टाका.

अर्लीन: हे मला कधी सांगितलं नाहीस.

ओझेला: तो आला दोन हजार तीन साली. तू फोन उचलत नव्हतीस.

अर्लीन: शेंगा संपल्या का तुझ्या?

ओझेला: नाही. अर्लीन, मी कशाला आले ते सांगू का आता?

अर्लीन: सांग. मी काय, ऐकू येतंय तोवर ऐकते.

ओझेला: माझं सगळं लिखाण एकत्र निघतंय. पाच खंड. रेनिटा कोल्स नावाची मुलगी करतेय ते, अठ्ठावीस वर्षांची संपादक. तिची आई 'गच्चीवरून' घ्यायची. मुलगी इतकी कडक आहे की माझ्याच स्वल्पविरामांवरून माझ्याशी भांडते. तिला पहिला खंड 'मिठाचा ग्रह'चा हवाय. सगळ्यात जास्त वाचलं गेलेलं तेच, बक्षीसही त्यालाच मिळालं. मी तिला सांगितलंय, आधी बहिणीला विचारते. तू नको म्हणालीस तर ती कादंबरी संचात येणार नाही. चारच खंड निघतील.

अर्लीन: आणि ती कडक मुलगी तयार झाली?

ओझेला: दोन दिवस बोलली नाही. मग म्हणाली, ठीक आहे.

अर्लीन: ज्या पुस्तकासाठी तू पोस्टातून वेळेआधी निवृत्त झालीस, तेच सोडणार? माझ्या एका शब्दावर?

ओझेला: हो.

अर्लीन: अक्कल आहे का तुला?

ओझेला: तीन डोक्यांची एवढी चीड असेल असं मला वाटलं नव्हतं. तुला गंमत वाटेल म्हणून लिहिलं होतं मी. तुझ्या हातात प्रत दिली तेव्हा कधी हसतेस याची वाट बघत होते. तू चार दिवसांनी फोन करून म्हणालीस, 'पुन्हा माझ्या दारात येऊ नकोस.' एवढंच. कारणसुद्धा नाही. मी लोकांना तीन पानं पाठवते आणि मला एक ओळ.

अर्लीन: डोक्यांची चीड नाहीये.

ओझेला: मग आत्ता अर्धा तास काय चाललं होतं?

अर्लीन: डोकी मी दुसऱ्याच आठवड्यात माफ केली. बर्नडीनला सांगितलंसुद्धा, 'बाई, तुला एक आहे तेही रिकामं.'

ओझेला: मग कशाचा राग?

अर्लीन: पातेलं धर जरा.

क्लेमेंट: मी आत जाऊन शेंगा शिजायला टाकतो.

अर्लीन: बस तू. तुलाही सांगितलेलं नाहीये मी हे. लग्नाला सत्तेचाळीस वर्षं झाली, तरी नाही सांगितलं.

क्लेमेंट: बसलो.

अर्लीन: दाराचा राग. त्या पुस्तकात शेवटी बाप परत येतो. मिठाच्या वादळातून, एकटा. वस्तीच्या दाराशी उभा राहतो. अर्लाई आतून त्याला बघते आणि दार उघडत नाही. मग धाकटी धावत येते आणि उघडते, आणि सगळी वस्ती त्याला मिठीत घेते. असंच आहे ना?

ओझेला: असंच आहे.

अर्लीन: म्हणजे तू बघितलं होतंस. जिन्यावर होतीस. मला तेव्हाच वाटलं होतं, वरची पायरी वाजली म्हणून.

ओझेला: काय बघितलं होतं?

अर्लीन: आता वेड पांघरू नकोस, ओझी. चव्वेचाळीस वर्षं तू गप्प राहिलीस आणि मग साऱ्या जगाला सांगितलंस. मला विचारायचं तरी होतंस, मी का नाही उघडलं ते. तेही नाही. वर पुस्तकात दार उघडून स्वतः चांगली झालीस.

ओझेला: अर्लीन, माझ्याकडे बघ. कुठलं दार?

अर्लीन: आपलं. डायमंड स्ट्रीटचं. अठ्ठावन्न साली. पप्पा आला होता.

ओझेला: पप्पा परत कधीच आला नाही. मी पाच वर्षांची असताना गेला तो गेला.

अर्लीन: आला होता. ऑक्टोबरमधला शनिवार. आई हॉस्पिटलच्या धोबीखान्यात होती. मी अठरा वर्षांची, इस्त्री करत होते. दार वाजलं. मी खिडकीचा पडदा सरकवून बघितलं, तर तो. बारीक झालेला. हातात संत्र्यांची कागदी पिशवी. मला त्याने बघितलं नाही. पुन्हा वाजवलं. म्हणाला, 'मी आहे. थियोटिस.' बायकोचं नाव नाही, पोरींची नावं नाहीत. स्वतःचं नाव सांगितलं, एखाद्या घरी पाहुणा आल्यासारखं. मी कडीला हात लावला होता. मग मला आठवलं, तो गेल्यावर आई पहिला हिवाळाभर त्याचं पान वाढायची आणि मग गुपचूप तेच डब्यात भरून कामावर न्यायची. मी हात काढून घेतला.

क्लेमेंट: किती वेळ थांबला?

अर्लीन: खूप. मी दाराला पाठ लावून उभी होते. इस्त्री चादरीवर तशीच राहिलेली, जळका वास सुटला. तो बाहेर खोकत होता. मग पायऱ्या उतरल्याचा आवाज आला. संत्री ठेवून गेला. मी ती शेजारच्या मिसेस प्रायोलोंच्या पोरांना देऊन टाकली, आई यायच्या आत. आणि पुढच्या फेब्रुवारीत बाल्टिमोरहून तार आली, तो फुप्फुसाच्या दुखण्याने गेल्याची. आई रडली. म्हणाली, 'एकदा तरी येऊन गेला असता.' मी बाजूलाच उभी होते.

ओझेला: मी त्या दिवशी घरात नव्हते.

अर्लीन: पायरी वाजली होती.

ओझेला: त्या जिन्याची प्रत्येक पायरी आपोआप वाजायची. अर्लीन, शनिवारी मी कुठे असायचे? वाचनालयात, बंद होईपर्यंत. तू स्वतः मला घ्यायला यायचीस.

अर्लीन: त्या शनिवारी मी नाही आले.

ओझेला: नाही आलीस. मी एकटीच चालत आले. घरात जळल्याचा वास होता आणि तू म्हणालीस, 'चादर जळली, आईला सांगू नकोस.' मला एवढंच माहीत आहे.

अर्लीन: मग पुस्तकात कुठून आलं?

ओझेला: डोक्यातून.

अर्लीन: असं कसं डोक्यातून येईल?

ओझेला: तसंच येतं गं. माझं कामच ते आहे. बाप दाराशी आला, आणि मला लिहिताना वाटलं, सगळे त्याला धावत घ्यायला गेले तर ती गोष्ट खोटी होईल. कोणीतरी नाही म्हणायला हवं. आता आपल्या घरात नाही म्हणू शकणारं कोण होतं? आई नव्हती. मी तर नव्हतेच, मी बारा वर्षांची होते, बाप म्हणून कोणीही आलं असतं तरी दार उघडलं असतं. एकटी तू होतीस. घरमालकाला, शाळेच्या बाईंना, बॉस्टनच्या दाढीवाल्याला नाही म्हणणारी. म्हणून ती सुभेदारीण झाली. मला वाटलं होतं मी तुझा मान ठेवतेय.

अर्लीन: मान.

ओझेला: हो.

अर्लीन: आणि मी नऊ वर्षं समजत होते की तू मला चव्हाट्यावर आणलंस.

ओझेला: विचारलं असतंस तर पाच मिनिटांत मिटलं असतं.

अर्लीन: विचारायचं म्हणजे आधी सांगायला लागलं असतं.

क्लेमेंट: मी एक बोलू का?

अर्लीन: ट्रॉलीचं असेल तर नको.

क्लेमेंट: ट्रॉलीचंच आहे. दार बंद करून गाडी हलवली की आरशात कोणीतरी पळत येताना दिसायचं. कधी थांबायचो, कधी नाही. वेळ पाळायची असायची, मागे रांग असायची. ज्यांच्यासाठी थांबलो त्यांच्यातला एकही चेहरा मला आठवत नाही. राहिले ते सगळे आठवतात. एका बाईच्या हातात केक होता. पण अर्लीन, मी वाईट चालक नव्हतो.

अर्लीन: तुला कोण वाईट म्हणतंय?

क्लेमेंट: तेच म्हणतोय मी.

ओझेला: तू अठरा वर्षांची होतीस. आणि पप्पा गेला त्या हिवाळ्यात तर तू पोरच होतीस. आई त्याचं पान वाढायची, आणि त्याची रिकामी खुर्ची आवरायचीस तू. मला अंधुक आठवतं. तू म्हणायचीस, 'ओझी, ती खुर्ची सरकव.'

अर्लीन: तुला खुर्ची आठवते?

ओझेला: खुर्ची आठवते. तिच्यावर बसणारा नाही आठवत.

अर्लीन: त्या कडक मुलीला कळव. काढ ते पुस्तक.

ओझेला: काढ म्हणजे? संचातून काढू की छापून काढू?

अर्लीन: संपादक झालीस तरी साधं बोलणंसुद्धा तुला कळत नाही का गं? छाप. पहिलाच खंड कर.

ओझेला: ते दाराचं प्रकरण बदलू? अजून वेळ आहे. धाकटीने न उघडता...

अर्लीन: हात लावू नकोस. तुझ्या पुस्तकात तरी त्याला कोणीतरी आत घेतलं. राहू दे तसंच.

क्लेमेंट: आता शेंगा टाकू?

अर्लीन: टाक. टर्कीची मान फ्रीजमध्ये आहे, धुरी दिलेली, ती घाल आधी. आणि मीठ मी येऊन बघेन, तू नको घालूस.

क्लेमेंट: बरं.

अर्लीन: गेला. आता बोल. तुझं तोंड मला कळतं, काहीतरी विचारायचंय तुला.

ओझेला: पप्पा दाराबाहेरून बोलला, तेव्हा त्याचा आवाज कसा होता?

अर्लीन: म्हणजे हेही लिहिणार तू?

ओझेला: नाही. मला तो आठवत नाही, म्हणून विचारतेय.

अर्लीन: जरा घोगरा. हळू बोलायचा, आणि वाक्याच्या शेवटी आवाज खाली न्यायचा, तुझ्यासारखा.